इमारतीचा सा

मुलुंडला रंग वाजत असत, हे दादर-गिरगावकडच्या माणसांना सांगायचं मी केव्हाच सोडून दिलं आहे. ते आधी हसतात, मग "म्हणजे कसं?" म्हणून विचारतात, आणि मी सांगू लागलो की पुन्हा हसतात. ज्यांनी त्या काळात तिकडे राहून ऐकलं त्यांना सांगायची गरज नाही, आणि ज्यांनी ऐकलं नाही त्यांची खात्री पटवायचा मला उत्साह नाही. तरी लिहायला बसलो आहे, कारण बायको म्हणते, "तुम्ही लिहिलं नाही तर चेअरमन लिहितील." चेअरमनना जाऊन बरीच वर्षं झाली. पण तेवढ्याने ते थांबतील याची तिला खात्री नाही.

नाहूर मागे पडलं की वाजायला सुरुवात होई. एका अंगाला मिठागरं, दुसऱ्या अंगाला डोंगर, आणि मधल्या पट्ट्यात ऊन पडलं की लावलेला प्रत्येक रंग आपापला सूर धरी. लावलेला, हे महत्त्वाचं. पानं, पोपट, टोमॅटो हे सगळे गप्प असत. देवाने दिलेल्या रंगाला बोलायची हौस नव्हती. माणसाने डब्यातून काढून फासलेला रंग मात्र गप्प बसत नसे. कोपऱ्यावरची तांबडी टपालपेटी दुपारी पोट भरलेल्या माणसासारखी घुमायची. कापडाचा रंग बारीक वाजे, कानाजवळून डास गेल्यासारखा. त्यामुळे हळदीकुंकवाला पाच-सहा जणी भर उन्हात एकत्र निघाल्या, की कुणाचं कुणाशी जमत नाही ते लांबूनच कळे. पांढरा रंग अजिबात वाजत नसे. पुढाऱ्यांनी तोच का निवडला असावा हे मला मुलुंडला आल्यावर उमगलं: स्वतःला बोलायला जागा राहते. ढग आला की सगळं बंद. सूर्य मावळला की बंद.

याचं कारण कुणालाच ठाऊक नव्हतं, म्हणून मतं भरपूर होती. कुणी म्हणे मिठागरावरून येणारी हवा. कुणी म्हणे डोंगराचा दगड. ठाण्याच्या लोकांचं मत असं होतं की मुलुंडकरांना दुसरा उद्योग नाही. आणखी एक गोष्ट म्हणजे बाहेरून आलेल्या माणसाला हे लगेच ऐकू येत नसे. इथे एक पावसाळा काढावा लागे, मग कान उघडत. त्यामुळे पाहुण्यांना आम्ही सगळे एकाच वेळी वेड लागलेले लोक वाटत असू. त्यात त्यांची चूक नव्हती.

आमची इमारत दुमजली, चौकाच्या तिन्ही बाजूंनी उभी, आणि बाहेरून पिवडीची. आतल्या भिंती सफेदीच्या, म्हणजे मुक्या. बांधली तेव्हा पिवडी सर्वांत स्वस्त होती, म्हणून तीच लावली. संगीताचा विचार त्यात कुणीही केलेला नव्हता. पण ऊन चौकात उतरलं की त्या पिवळ्या भिंती जो सूर धरत तो इतका सरळ, इतका न हलणारा असे की आमच्या इमारतीला नकळत त्याचीच सवय झाली. तोच आमचा सा. हार्मोनियमवर पाहिलं तर काळी चार. भाजीवाली दारात "मेथीऽऽ" म्हणून ओरडे ती त्या सुरात. पोरं पाढे म्हणत ती त्या सुरात. भांडणंसुद्धा दुपारी सुरात होत आणि संध्याकाळी विस्कटत. गणपतीतली आरती मात्र दिवेलागणीला. भिंत गप्प झालेली असे, आणि मग प्रत्येक बिऱ्हाड आपापल्या गणपतीला आपापल्या दिशेने हाक मारी.

माझं लग्न झालं आणि बायको गिरगावातून या इमारतीत आली. ती गाणं शिकलेली होती, चांगली आठ-नऊ वर्षं, एका म्हाताऱ्या गुरुजींकडे. सासरी येताना तंबोरा घेऊन आली. आमच्या दोन खोल्यांत तंबोरा कपाटाच्या वर ठेवला, आणि तो उतरवायला स्टूल, झटकायला फडकं आणि वाजवायला रिकामे हात लागत. यातलं स्टूल आमच्याकडे होतं.

पहिला पावसाळा संपेपर्यंत तिला काहीच ऐकू येत नव्हतं. आई तिला चिडवी. "गाणारी सून आणली म्हणे, नि भिंतीएवढंही ऐकू येत नाही." बायको नवीन होती, म्हणून नुसती हसे. मग एका सकाळी ती गवार मोडत बसली होती, ऊन नुकतं चौकात उतरलं होतं, आणि ती एकदम थांबली.

"अहो," ती मला म्हणाली, "ही भिंत सा लावतेय."

"लावते ती," मी दाढी करता करता म्हणालो. "रोजच लावते."

"आणि तुम्ही मला सांगितलं नाहीत?"

"सांगितलं असतं तर तू माहेरी लिहिलं असतंस की नवरा असा आहे."

त्या दिवसापासून तिचा रियाज सुरू झाला. गवार मोडताना, तांदूळ निवडताना, पोळ्या लाटताना. हात अडकलेले असले तरी गळा मोकळा होता आणि भिंत फुकट सूर देत होती. तंबोरा कपाटावर राहिला. आमच्या खोल्या कोपऱ्यात, म्हणून स्वयंपाकघराच्या खिडकीपासून हातभर अंतरावर इमारतीच्या दुसऱ्या बाजूची भिंत होती. ती जणू तिच्यासाठीच बसलेली. शेजारच्या मालवणी काकू दळण घेऊन आल्या की दारातच थबकत. "गे बाय, तुजो सूर म्हणजे ओळंब्यान लावल्यासारखो." काकूंचे यजमान गवंडी होते. त्यांच्या घरात यापेक्षा मोठी स्तुती नव्हती.

तिला रेडिओवर गायचं होतं. तिच्या गुरुजींनी तिच्या लग्नात अक्षता टाकताना म्हटलं होतं, "रेडिओवर तुझा आवाज ऐकला की मी समजेन, शिकवलेलं चुलीत गेलं नाही." म्हाताऱ्यांची बोलायची पद्धत अशीच असते, सगळ्यांसमोर अक्षता आणि टोमणा एकदमच टाकायचा. पण तिने ते मनावर घेतलं. रेडिओवर जायचं तर परीक्षा द्यावी लागे. परीक्षक पलीकडे कुठेतरी बसून ऐकत, गाणाऱ्याला दिसत नसत. ती गेली, गायली, आणि नापास झाली. सूर सुरुवातीला बरोबर असतो, मग सरकतो, एवढंच तिला कळलं.

इमारतीने हा आपला अपमान मानला. आमच्या बाईचा सूर सरकतो! काकू म्हणाल्या, "त्या रेडिओवाल्यांका कान आसत काय?" चेअरमन म्हणाले, आपण निषेधाचा ठराव करू. मी म्हणालो, ठराव पाठवला तर तो चुकून गाण्याऐवजी ऐकला जाईल. बायकोने पुन्हा अर्ज केला. दुसऱ्यांदा नापास झालं तर पुढची काही वर्षं दार बंद, असं आम्हाला सांगण्यात आलं होतं. गुरुजींना तेवढी वर्षं नव्हती. हे कुणी मोठ्याने म्हणत नव्हतं.

त्याच वर्षी मुलुंड मुंबईत घेतलं.

आमच्यात त्याने काय फरक पडला ते मला आजही नेमकं सांगता यायचं नाही. नळाला जेवढं पाणी येई तेवढंच येत राहिलं. पण चेअरमनमध्ये फरक पडला. ते एका सरकारी कचेरीतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झाले होते, आणि निवृत्तीनंतर त्यांच्या हाताखाली फक्त आमची सहकारी संस्था उरली होती. मी तिचा सेक्रेटरी. माझं अक्षर चांगलं आणि विरोध करायची ताकद कमी, म्हणून मला निवडून दिलं होतं. चेअरमननी चौकात सर्वसाधारण सभा बोलावली, कोट घालून खुर्चीत बसले, आणि उभे राहिले.

"बंधुभगिनींनो, आता आपण मुंबईकर आहोत."

"मग सकाळपासून नळ का कोरडा?" वरच्या मजल्यावरून कुणीतरी विचारलं.

"तो विषय विषयपत्रिकेवर नाही. आजचा विषय, इमारतीचा रंग. आपली इमारत मुंबईला शोभली पाहिजे. पिवडी आता चालणार नाही."

"का? काय झालंय पिवळ्याला?"

"पिवळा," चेअरमन शांतपणे म्हणाले, "ठाणे जिल्ह्यात ठीक होता."

काही विधानं इतकी निरर्थक असतात की त्यांना विरोध कुठून सुरू करावा तेच कळत नाही. मोठ्या पदावरच्या माणसांना ही कला लवकर साधते.

नमुन्यासाठी रंगाऱ्याने चौकातल्या भिंतीवर चार चौकोन काढायचे होते. हिरवा, आकाशी आणि गुलाबी झाले, चौथ्यावर नुसता चुन्याचा हात देऊन तो जेवायला गेला. पुढच्या सभेला चेअरमननी निवडीसाठी आपले व्याही आणले. ते दादरला राहत, कलाशाळेत शिकवून निवृत्त झालेले. दादरचे, म्हणजे त्यांना आमच्या इथलं काहीही ऐकू येणं शक्य नव्हतं. पण हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं आणि त्यांनीही विचारलं नव्हतं. ते प्रत्येक चौकोनासमोर उभे राहिले, डोळे मिटले, कानाला हात लावला, मान हलवली. चुन्याच्या पांढऱ्या चौकोनासमोर सर्वांत जास्त वेळ उभे राहिले.

"याचा नाद खोल आहे," ते म्हणाले.

आम्ही सगळ्यांनी आदराने माना डोलावल्या. चेअरमनचे व्याही होते.

"पण इमारतीला," ते पुढे म्हणाले, "गुलाबीच शोभेल."

गुलाबीचा सूर मला त्या चौकोनापुरताही सहन होत नव्हता. तो काळी चारच्या जरा वर होता, आणि पांढरी सहाच्या जरा खाली. हार्मोनियमच्या दोन पट्ट्यांमध्ये जी फट असते तिथे त्याचं घर होतं. एवढ्याशा चौकोनाचाच त्रास होत होता. चौकाच्या तिन्ही बाजू त्या रंगाच्या झाल्या तर काय, हे बायकोच्या चेहऱ्यावर मला दिसत होतं. परीक्षा तोंडावर आली होती.

"गुलाबी बेसूर आहे," मी म्हणालो.

"बेसूर हे व्यक्तिसापेक्ष आहे," व्याही म्हणाले.

"शिवाय तिची परीक्षा आहे. तेवढी होऊ द्या, मग रंग लावा."

"सेक्रेटरी," चेअरमन म्हणाले, "घरचे प्रश्न सभेत आणू नका. ठराव सभेपुढे आहे. हात वर करा."

हात मीच मोजायचे होते. गुलाबी एका हाताने जिंकला. तो एक हात आईचा होता.

घरी आल्यावर मी तिच्याकडे बघितलं. "आई!"

"डास चावला रे," आई म्हणाली. "मारायला हात वर केला, तर तू मोजलास. विचारायचंस तरी."

रंगारी आले, बांबूची परांची बांधली आणि पिवडी खरवडायला लागले. खरवडलेल्या भिंतीवर चुन्याचा हात दिला. पांढरा. चौकात पहिल्यांदाच भर दुपारी शांतता पडली. आम्ही सगळे हळू बोलू लागलो, दवाखान्यात बोलतात तसे. भाजीवालीने दारात येऊन "मेथी" म्हटलं आणि ती स्वतःच दचकली.

त्या दिवशी मला सुट्टी होती. बायको खिडकीशी तांदूळ निवडत होती आणि तिने नेहमीसारखा सा लावला. मी पेपर वाचत होतो. थोड्या वेळाने तिचा आवाज थांबला. पुन्हा सा लावला, पुन्हा थांबला. मी वर बघितलं. तिच्या हातातलं सूप तसंच होतं.

"काय झालं?"

"सा टिकत नाहीये," ती म्हणाली.

"सर्दी झाली असेल."

"सर्दी नाही. लावते तो बरोबर लागतो. मग थोडा वेळ जातो आणि तो कुठे गेला तेच कळत नाही." ती खिडकीबाहेरच्या पांढऱ्या भिंतीकडे बघत राहिली. "अहो, सूर मी धरतच नव्हते. भिंत धरत होती. मी नुसती तिच्या कडेवर बसले होते. रेडिओत भिंत नव्हती."

मी पेपर खाली ठेवला. तीन वर्षं मी तिच्या सुराचं कौतुक केलं होतं, काकूंनी ओळंब्याची उपमा दिली होती, इमारत निषेधाचा ठराव करायला निघाली होती. आणि रेडिओच्या त्या न दिसणाऱ्या माणसांनी दोन आलापांत जे ऐकलं ते आमच्यापैकी एकालाही ऐकू आलं नव्हतं. येणार कसं? तिच्याबरोबर आम्हीही त्याच कडेवर बसलो होतो.

तिने स्टूल ओढलं, कपाटावरून तंबोरा काढला, फडक्याने पुसला. फडकंही आमच्याकडे होतं, हे मला त्या दिवशी कळलं.

दोन दिवसांनी गुलाबी लागला. ऊन आलं, आणि तिन्ही बाजूंनी तो फटीतला सूर चौकात भरला. काकूंनी दोन्ही कानांवर हात ठेवले. एक पोर रडायला लागलं. मी बायकोला म्हणालो, "तू परीक्षेपर्यंत गिरगावला जा. तिथे कुठलीच भिंत वाजत नाही. शांत आहे."

"शांत आहे, म्हणूनच नको," ती म्हणाली. "शांततेत मी चुकले की मला कळत नाही. इथे मी जरा हलले की ही गुलाबी मला आपल्याकडे ओढते. ओढलं की कळतं."

"म्हणजे ह्या कर्कश आवाजात गाणार?"

"ह्यातच."

आई आत पीठ मळत होती. ती बाहेर आली, हात तसेच पिठाचे. "आजपासून पोळ्या मी करते," ती म्हणाली. "तू बस नि घे भांडून त्या भिंतीशी. मला काही तेव्हा हात वर करायचा नव्हता."

मग रोज ऊन चौकात असेपर्यंत ती खिडकीशी तंबोरा घेऊन बसे. तंबोरा काळी चारचा आणि भिंत त्याच्या जरा वरची, आणि ती मधे. सुरुवातीला ऐकवत नव्हतं. ती गाई, ओढली जाई, थांबे, तंबोऱ्याला कान लावी, पुन्हा सुरू करी. माझ्यासारख्या माणसाने कचेरीतून घरी यावं असं ते वातावरण नव्हतं, म्हणून मी सुट्टीच्या दिवशीही बाजारात रेंगाळत असे.

गंमत पुढे झाली. इमारतीला गुलाबीची सवय झाली. आठवड्याभरात भाजीवाली त्या फटीतल्या सुरात ओरडू लागली, पोरांचे पाढे तिथे गेले, भांडणं तिथे गेली. माणसाला भिंतीशी भांडण्यापेक्षा भिंतीच्या बाजूने बोलणं सोपं जातं. मी स्वतः दाढी करताना त्या सुरात गुणगुणत असल्याचं आईने मला दाखवून दिलं. आणि मग इमारतीत एकच माणूस बेसूर उरलं.

एका रविवारी चेअरमन दोन सभासदांना घेऊन आमच्याकडे आले. चहा घेतला. चहा संपल्यावर घसा साफ केला.

"सेक्रेटरी, एक नाजूक विषय आहे. वहिनींचं गाणं."

"काय झालं गाण्याला?"

"गाणं उत्तम. पण..." त्यांनी दोघांकडे बघितलं. "तक्रारी आल्या आहेत. इमारतीच्या सुरात नाहीत त्या."

मी काही बोलायच्या आत बायको स्वयंपाकघराच्या दारात आली. "इमारतीचा सूर कोणता?" तिने विचारलं.

"आता वहिनी, सगळ्यांना ऐकू येतो तो."

"तुमच्या व्याह्यांना ऐकू येतो?"

सभासदांपैकी एकाने कपबशीत तोंड घातलं. चेअरमन मात्र सभ्य माणूस. त्यांना राग आला नाही. त्यांना खरंच वाईट वाटत होतं. "हे पाहा," ते म्हणाले, "संस्थेत राहायचं म्हणजे थोडं जुळवून घ्यावं लागतं. तुम्ही फक्त थोडं वर चढवा. तंबोऱ्याची खुंटी जरा पिळा. सगळ्यांचंच समाधान होईल."

"माझ्या परीक्षेत इमारत येणार नाही," बायको म्हणाली. "मी एकटीच जाणार आहे. परीक्षा झाली की तुम्ही सांगाल तेवढी खुंटी पिळते. तोपर्यंत तुम्ही खिडक्या लावा."

चेअरमन उठले. "ठीक आहे. पण वहिनी, खरं सांगू? पूर्वी तुमचा सूर फार छान होता."

ते गेल्यावर ती तिथेच दारात बसली. मी तिची समजूत घालायला गेलो. तिला समजुतीची गरज नव्हती. पदर तोंडावर घेऊन ती हसत होती. पण हसता हसता मधे थांबली.

"अहो, खरंच मी बेसूर असले तर? तीन वर्षं मला वाटत होतं मी सुरात आहे. तेव्हाही सगळे छानच म्हणत होते. आता सगळे बेसूर म्हणतायत. मी कुणाचं धरू?"

मला गाण्यातलं फारसं कळत नाही. कळत असतं तर मी काहीतरी मोठं बोललो असतो. मी म्हणालो, "तंबोऱ्याचं धर. तो संस्थेचा सभासद नाही."

परीक्षेच्या दिवशी मी तिच्याबरोबर गेलो. आत तिला एकटीलाच सोडलं. मी बाहेरच्या बाकावर बसलो, समोरच्या हिरव्या भिंतीकडे बघत. मुलुंडला ती भिंत दुपारभर ओरडली असती. इथे एक शब्द बोलत नव्हती. ती बाहेर आली तेव्हा मी उठलो.

"काय झालं?"

"काही नाही. शांत होतं," ती म्हणाली. "कुणी ओढतच नव्हतं. मला आधी कळेचना की आता जोर कुठे लावायचा."

"आणि मग?"

"मग नाही लावला."

ती पास झाली. कार्यक्रम मिळाला, सकाळचा. आमच्या इमारतीत रेडिओ एकच, चेअरमनकडे; त्यावर झालर लावलेलं कापड असे आणि ते फक्त बातम्यांच्या वेळी निघे. चेअरमननी स्वतः घरोघर जाऊन निमंत्रणं दिली. तिला रेडिओ स्टेशनवर तिचा भाऊ घेऊन गेला. मी मागे राहिलो, तिचाच हुकूम होता. "इमारतीला कसं ऐकू येतं ते मला सांगायचं. खरं सांगायचं. गुरुजी त्यांच्या घरी ऐकतायत, त्यांची काळजी नाही. ते काही झालं तरी नावंच ठेवतील."

सगळी इमारत चेअरमनच्या बाहेरच्या खोलीत मावली. खिडक्या चौकाकडे उघड्या, स्वच्छ ऊन पडलेलं, आणि तिन्ही बाजूंनी गुलाबी पूर्ण ताकदीने लागलेला. चेअरमननी कापड काढलं, घडी केली, बटण फिरवलं. निवेदिकेने बायकोचं नाव घेतलं, राग जौनपुरी म्हणून सांगितलं. काकूंनी माझ्या आईचा हात दाबला. तंबोरा सुरू झाला, आणि तिने सा लावला.

खोलीतली माणसं एकमेकांकडे बघायला लागली.

सूर कुठेतरी खाली होता. इमारतीपेक्षा जरासा, पण चांगला कळण्याइतका खाली. आलाप पुढे गेला, आणि प्रत्येक स्वर तेवढाच खाली. बिचारे लोक टाचा उंचावल्यासारखे बसून राहिले, तो सूर वर खेचायला मदत करत असल्यासारखे. इतके दिवस तिला मीच सांगितलं होतं की तंबोऱ्याचं धर.

"ठेसन बरोबर लागलेलं नाही," चेअरमन म्हणाले आणि बटण फिरवू लागले. खरखर झाली, कुठल्यातरी परदेशी भाषेत बातम्या आल्या, आणि पुन्हा बायको आली, तेवढीच खाली.

"रेडिओच बिघडलाय," कुणीतरी म्हणालं.

"नवा आहे," चेअरमन दुखावून म्हणाले.

आई उठली. तिने कुणाला विचारलं नाही. एकेक करून खिडक्यांची दारं ओढली, खिट्ट्या घातल्या, फटीत चेअरमनचं ते झालरीचं कापड कोंबलं. खोली अंधारली. गुलाबी एकदम लांब गेला, शेजारच्या गल्लीत कुणीतरी काहीतरी म्हणत असावं तसा, आणि मग तोही कळेनासा झाला.

आणि ती सुरात होती.

म्हणजे ती पहिल्यापासूनच होती. पण मला ते तेव्हा कळलं, अंधारात, लोकांच्या घामाच्या वासात, तंबोऱ्याच्या तारा स्पष्ट ऐकू यायला लागल्यावर. सा हलत नव्हता. कुठे ताकद लावलेली दिसत नव्हती. माझ्या घरात गवार मोडताना रोज ऐकलेला तो आवाज नव्हता. त्या आवाजाच्या पाठीशी पूर्वी काहीतरी असायचं, आता काही नव्हतं, आणि तरी तो उभा होता. काकू हळूच म्हणाल्या, "बाये माज्ये." कार्यक्रम संपेपर्यंत पुढे कुणी बोललं नाही. आमच्या इमारतीत इतका वेळ कुणी न बोलल्याचं मला दुसरं उदाहरण आठवत नाही.

निवेदिकेने पुन्हा नाव घेतलं आणि चेअरमननी रेडिओ बंद केला.

"बघा," ते म्हणाले, "मी म्हणत होतो ना, ठेसन बरोबर लागलं नव्हतं. आता लागलं होतं."

त्यांचा हात तोवर बटणाला लागलेलाही नव्हता. पण त्यांचं घर होतं, रेडिओ त्यांचा होता, आणि त्यांचे डोळे मला जरा ओले दिसले, म्हणून मी सेक्रेटरी या नात्याने अनुमोदन दिलं. आईने खिडक्या उघडल्या. गुलाबी आत आला, आणि सगळे त्याच्या सुरात बोलू लागले.

बायको दुपारी घरी आली. चपला काढायच्या आधी तिने विचारलं, "कसं ऐकू आलं?"

"आधी सगळ्यांना वाटलं रेडिओ बिघडलाय."

तिने चपला काढल्या, नीट शेजारी शेजारी ठेवल्या. "मग?"

"मग आईने खिडक्या लावल्या."

ती आईकडे बघायला लागली. आई पोळी लाटत होती, मान वर न करता.

"डास येत होते," आई म्हणाली.